बदली आणि अदलाबदल

‘इंटरचेंजेबल’ या इंग्रजी शब्दाला मराठीत ‘पर्यायी’ म्हटलं, की तिथेच त्याचा अर्धा अर्थ गळून पडतो. ‘इंटर’ म्हणजे एकमेकांत. ‘चेंज’ जुन्या फ्रेंचमधून आला. त्यामागे लॅटिनमधला ‘कांबियारे’ आहे, म्हणजे वस्तू देऊन वस्तू घेणं. जुन्या इंग्रजी करारनाम्यांत दोन्ही पक्षांनी ‘इंटरचेंजेबली’ सह्या केल्या, असं लिहीत. याची सही असलेली प्रत त्याच्याकडे, त्याची याच्याकडे. पर्यायी रस्त्यात हे दुहेरीपण कुठे आहे? मुख्य रस्ता बंद पडला की तो कामाला येतो, एवढंच.

मुंबईच्या गिरण्यांतला ‘बदली’ कामगार आठवा. कायम कामगार गैरहजर असला की त्याच्या साच्यावर बदलीवाला उभा राही. काम तेच, सूत तेच; पण कायम कामगाराची हमी त्याच्या वाट्याला येत नसे. जागा भरली जाई, अदलाबदल होत नसे.

कुणी म्हणेल, दोन्ही बाजूंनी चालायचं तर वस्तू हुबेहूब सारख्याच हव्यात, मग वेगळा शब्द कशाला? याचं उत्तर बंदुकीच्या कारखान्यात मिळतं. १७८५ साली अमेरिकेचे फ्रान्समधले राजदूत टॉमस जेफरसन यांनी एका फ्रेंच कारागिराने बनवलेले बंदुकीच्या चापाचे सुटे भाग पाहिले. हाताला येतील ते तुकडे उचलून त्यांनी स्वतः काही चाप जुळवले, आणि ते नीट बसले. त्या काळी कारागीर प्रत्येक भाग कानशीने घासून त्या-त्या बंदुकीला बसवत असे, म्हणून हे नवल. तरी ते तुकडे हुबेहूब नव्हतेच. धातूचे दोन तुकडे तसे कधीच नसतात. फरक इतका कमी होता, की चापाला तो जाणवला नाही. म्हणजे हा गुण वस्तूत एकटा नसतो, तो ठरावीक कामापुरता असतो. दहाच्या दोन नोटा दुकानात एकमेकींच्या जागी चालतात. नोटा जमवणाऱ्याला त्यांचे क्रमांक वेगळे दिसतात.

मग या गुणाला मराठी शब्द कोणता? मराठीत अरबीतून आलेल्या ‘बदल’चाच भाऊबंद ‘मोबदला’ आहे, आणि मूळ अरबीत त्याचा अर्थच परस्पर देवाणघेवाण. आपण त्याला कामाच्या दामापुरता ठेवला. ‘परस्परविनिमेय’ हा घडवलेला शब्द बोलताना कुणाच्या तोंडी बसत नाही. ‘एकमेकांच्या जागी चालणारे’ हे लांब आहे खरं, पण त्यातलं ‘एकमेकांच्या’ मला सोडवत नाही.