वाळू, राज्यसीमा आणि एका विशेषणाची व्याप्ती

नदीपात्रातून रीतसर उपसलेली, स्वामित्वधन भरलेली आणि वाहतूक परवान्यासह निघालेली वाळू राज्याच्या सीमेवर अडविता येते काय, हा प्रश्न प्रथमदर्शनी केवळ महसुली स्वरूपाचा भासतो. वस्तुतः त्याचे उत्तर, एका विधिवाक्यातील विशेषण किती नामांना लागू करावयाचे, यावर बऱ्याच अंशी अवलंबून आहे.

१९५७ च्या खाणी व खनिजे अधिनियमाने साधी वाळू गौण खनिजांत घातली, आणि कलम १५ अन्वये गौण खनिजांच्या खाणपट्ट्यांसंबंधी नियम करण्याचा अधिकार राज्य शासनांकडे सोपविला. परंतु वाळू पात्राबाहेर आल्यावर तिचे स्वरूप पालटते. ती खनिज असते, तशीच विक्रेय मालही होते. तामिळनाडूतील दगडाच्या खाणींसंबंधी १९९५ साली निर्णय देताना सर्वोच्च न्यायालयाने असे सांगितले की, उत्खननानंतर गौण खनिजावर नियंत्रण ठेवण्याचा अधिकार या अधिनियमाने राज्यांस दिलेला नाही. पुढे १९९९ च्या दुरुस्तीने कलम २३-ग आले आणि वादास नवे अधिष्ठान मिळाले.

या कलमाने राज्यांना जे रोखण्यासाठी नियम करण्याचा अधिकार दिला, ते मराठीत मांडावयाचे तर ‘अवैध उत्खनन, वाहतूक व साठवण’ असे होईल. येथे ‘अवैध’ हे पद केवळ ‘उत्खनन’ या नामाचे विशेषण मानावे, की तिन्ही नामांचे? पहिला अन्वय स्वीकारल्यास वाहतूक, मग ती वैध का असेना, रोखण्याचा अधिकार राज्यास मिळतो. दुसरा स्वीकारल्यास तो अवैध वाहतुकीपुरताच उरतो. मूळ इंग्रजी वाक्यातही हीच संदिग्धता आहे, कारण त्या भाषेत विशेषणास विकार होत नाही. मराठीत ‘अवैध’ हे तत्सम विशेषणही अविकारी असल्याने अडचण झाकलेलीच राहते. त्याजागी ‘चोरटा’ हा शब्द योजला असता तर लेखकास ‘चोरटे उत्खनन, चोरटी वाहतूक, चोरटा साठा’ असे लिंगानुसार तीनदा लिहिणे बहुधा भाग पडले असते, आणि वादास जागाच राहिली नसती. विधीच्या मराठीत तत्सम पदांचा जो सोस दिसतो, त्याचे हे एक अलक्षित मोल होय.

गुजरात शासनाने आपल्या नियमांत वाळू राज्याबाहेर नेण्यास सरसकट मनाई केली. स्वामित्वधन भरल्याचे चलान जवळ असले तरी परराज्यात वाळू नेणारे वाहन दोषी ठरणार होते. तेथील उच्च न्यायालयाने ही मनाई अधिकारबाह्य ठरविली आणि २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम केला. वैध रीतीने काढलेल्या वाळूची ने-आण बंद करण्याचा अधिकार कलम १५ वा कलम २३-ग यांतून निघत नाही, हा त्या निकालाचा गाभा. कलम २३-ग मध्ये पट्ट्यातून निघालेल्या खनिजाच्या वाहतुकीचे ‘नियमन’ असाही उल्लेख आहे. परंतु नियमन म्हणजे निषेध नव्हे. शिवाय संविधानाच्या अनुच्छेद ३०१ ने देशभर व्यापार मुक्त ठेवला आहे. राज्यास त्यावर लोकहितार्थ वाजवी निर्बंध घालावयाचा तर अनुच्छेद ३०४ (ख) प्रमाणे राष्ट्रपतींची पूर्वमंजुरी घेऊन विधानमंडळाने कायदा करावा लागतो. शासकीय नियमाने ते साधत नाही.

नदीचे रक्षण हा बंदीच्या समर्थनार्थ केला जाणारा युक्तिवाद क्षुल्लक नाही. अमर्याद उपशाने पात्र खोल जाते, काठ ढासळतात, विहिरींचे पाणी उतरते. तथापि पात्राला पडणारा खड्डा मालमोटार कोणत्या दिशेने गेली यावर ठरत नाही. उपशावर मर्यादा घालणे हाच त्यावरील सरळ उपाय होय. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने पाच हेक्टरांहून लहान पट्ट्यांनाही पर्यावरणविषयक पूर्वमंजुरी आवश्यक ठरविली, ती याच दिशेने. ‘राज्याची वाळू’ या शब्दप्रयोगातील षष्ठीही तपासून पाहण्याजोगी आहे. तापी मध्य प्रदेशात मुलताईजवळ उगम पावते व खानदेश ओलांडून गुजरातेत शिरते. अशा नदीच्या वाळूविषयी ही षष्ठी स्थान दाखविते, उगम दाखविते, की स्वामित्व?

कराचा प्रश्न वेगळा. खनिजहक्कांवर कर बसविण्याचा राज्यांचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांच्या पीठाने २०२४ साली बहुमताने मान्य केला आहे.

सरसकट बंदी गेली तरी नाक्यावरील तंटे राहतातच, कारण तपासणी नाके व वजनकाटे उभारण्याचा अधिकार कलम २३-ग नेच दिला आहे. पुष्कळ ठिकाणी परवान्यावर मुदतीची वेळ लिहिलेली असते. वाळू वैध पट्ट्यातील, वजन बरोबर, परंतु वाटेत गाडी बिघडून मुदत टळली, तर उत्खनन वैध आणि वाहतूक मात्र अवैध, अशी स्थिती उद्भवते. ‘अवैध’ हे विशेषण तिन्ही नामांना स्वतंत्रपणे लागते असे मानले, तर या गाडीवानास त्याचा आधार नव्हे, जाचच होतो.