बोडीच्या पाण्याची शिल्लक : अल्कलिनिटी म्हणजे काय?



आज एका शब्दाबद्दल बोलायचं आहे. शब्द तोंडात बसायला जड आहे, पण तो आपल्या बोडीत, तलावात, विहिरीत रोज काम करतो. समुद्राच्या पाण्याचा अभ्यास करणारे लोक तो वापरतात आणि आपल्या गटाला मिळणाऱ्या पाण्याच्या रिपोर्टवरही तोच छापलेला असतो. शब्द आहे अल्कलिनिटी.

हा शब्द आम्ही शिकलो तो नुकसान झाल्यावर. आमच्या एका गटानं मासे वाढवायला बोडी घेतली. अंतर्गत कर्ज काढून रोहू-कटल्याची बोटुकली सोडली. एका पहाटे पाण्याचा सामू तपासला, तो कमी आला. कुणीतरी सांगितलं, चुना टाकला की सामू वाढतो. बायांनी कळीचा चुना आणला आणि दुपारच्या उन्हात सगळा एकदमच टाकला. संध्याकाळपर्यंत बोटुकली उलटी होऊन काठाला लागली. गावात बोलणं झालं की बायांना हे जमायचं नाही. आम्हालाही तेव्हा नीट उत्तर देता आलं नाही. नंतर पाण्याचा जुना रिपोर्ट काढून पाहिला. सामूच्या खालीच एक ओळ होती, टोटल अल्कलिनिटी 18. ती ओळ कुणी वाचलीच नव्हती, आम्हीसुद्धा नाही.

मग त्या ओळीचा अर्थ काय?

आधी घोळ कुठे होतो ते पाहू. पाण्याच्या आणि मातीच्या कागदावर तीन वेगळ्या गोष्टी असतात आणि आपण तिन्हींना मिळून ‘क्षार’ म्हणून मोकळ्या होतो. पहिली गोष्ट सामू, म्हणजे पीएच. पाणी या घडीला आंबट बाजूला आहे की चुन्याच्या बाजूला, हे सामू सांगतो. 7 म्हणजे मधोमध, त्याखाली आंबट, त्यावर चुन्याच्या बाजूचं. दुसरी गोष्ट क्षारता, म्हणजे पाण्यात एकूण मीठ-क्षार किती विरघळलेत ते. मातीच्या कार्डावर ई.सी. लिहिलेलं असतं, ते यासाठीच. तिसरी गोष्ट अल्कलिनिटी. हिला कुठे अल्कता म्हणतात, कुठे विम्लता, आणि कुठे कुठे क्षारताच लिहून टाकतात. घोळ तिथेच होतो.

अल्कलिनिटी म्हणजे पाण्याची आंबटपणा पचवायची ताकद. पाण्यात आंबट पडत गेलं तर ते किती आंबटापर्यंत तग धरेल, याचं हे माप आहे. ही ताकद मुख्यतः बायकार्बोनेट आणि कार्बोनेट या विरघळलेल्या घटकांमुळे येते.

घरी करून पाहा म्हणजे पटेल. चुना पाण्यात कालवून ठेवा आणि वरची निवळी काढून घ्या. निवळी डोळ्यांत जाऊ देऊ नका, लेकरांना हात लावू देऊ नका. आता दोन पेले सारखं पाणी घ्या. एकात एक चमचा निवळी टाका, दुसऱ्यात तीन चमचे. दोन्हींत चिमूटभर हळद टाका. दोन्ही पेले लाल होतील. नुसतं रंगाकडे पाहिलं तर दोन्ही सारखेच वाटतील. आता लिंबाचा रस थेंब थेंब सोडा, ढवळत राहा आणि थेंब मोजा. एक चमचावाला पेला लवकर पिवळा होईल. तीन चमचेवाल्याला जास्त थेंब लागतील. रंगावरून कळला तो सामू. थेंब मोजून कळली ती अल्कलिनिटी. प्रयोगशाळेतही हेच करतात. तिथे हळदीऐवजी रंग बदलणारं दुसरं द्रव्य असतं आणि लिंबाऐवजी ठरलेल्या ताकदीचं आम्ल.

रिपोर्टवर आकड्यापुढे ‘मिलिग्रॅम प्रतिलिटर, कॅल्शियम कार्बोनेट म्हणून’ असं लिहिलेलं असतं. त्याचा अर्थ पाण्यात तेवढी चुनखडी आहेच असा नाही. गटात कुणी धान देते, कुणी तांदूळ देते, पण वहीत हिशोब रुपयांत लिहितो ना? तसंच हे. आंबट पचवणारे सगळे घटक चुनखडीच्या मापात मोजून एकच आकडा लिहितात.

आता हा शब्द समुद्रात काय करतो ते पाहा. समुद्राच्या एक किलो पाण्यात साधारण 35 ग्रॅम मीठ-क्षार असतात, तोंडात धरवत नाही इतकं ते खारट. पण त्याची अल्कलिनिटी आपल्या मापात 115 मिलिग्रॅमच्या आसपासच भरते. म्हणजे मासे वाढवायच्या एखाद्या चांगल्या बोडीइतकीच! उलट एखाद्या बोअरचं पाणी जिभेला गोड लागतं आणि अल्कलिनिटी 300 निघते. म्हणून खारटपणा वेगळा आणि अल्कलिनिटी वेगळी, हे पक्कं लक्षात ठेवा.

समुद्रात ही ताकद आली कुठून? बरीचशी नद्यांनी नेली. पावसाचं पाणी हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन खाली येतं, म्हणून ते थोडं आंबट असतं. ते माती-खडकातून झिरपतं, खडक हळूहळू झिजवतं आणि बायकार्बोनेट सोबत घेतं. आपल्या वैनगंगेचं पाणी पुढे वर्धा नदीला मिळून प्राणहिता होतं, सिरोंच्याकडे गोदावरीत जातं आणि बंगालच्या उपसागराला पोचतं. म्हणजे आपल्या खडकाचा अंश समुद्राच्या शिलकीत आहे. पण आपल्या भागात ग्रॅनाइट आणि नाईससारखे कठीण खडक बरेच आहेत. आमगावच्या नावानं तर नाईसचा एक प्रकार भूगर्भाच्या पुस्तकांत ओळखला जातो. असे खडक चुनखडीसारखे लवकर विरघळत नाहीत. त्यामुळे नुसत्या पावसाच्या पाण्यानं भरलेल्या बोडीत अल्कलिनिटी कमी असू शकते, आणि जमिनीत बराच काळ मुरलेल्या विहीर-बोअरच्या पाण्यात जास्त.

माणसं कोळसा, डिझेल जाळतात, त्यातून निघणाऱ्या कार्बन डायऑक्साइडचा सुमारे चौथा हिस्सा समुद्र पितो. कारखाने सुरू होण्याआधी समुद्राच्या वरच्या पाण्याचा सामू साधारण 8.2 होता, आता तो 8.1 च्या आसपास आहे. फरक छोटा वाटतो, पण सामूच्या मोजपट्टीवर एक पायरी म्हणजे दहापट. या हिशोबानं आंबटपणा जवळजवळ 30 टक्क्यांनी वाढला. शिंपल्यांना कवच आणि प्रवाळांना सांगाडा बांधणं त्यामुळे अवघड होतं. आपल्या कोकणात मालवणच्या समुद्रातही प्रवाळ आहेत.

गंमत अशी की सामू उतरला तरी कार्बन डायऑक्साइडमुळे समुद्राची अल्कलिनिटी बदलत नाही. ती का बदलत नाही, हे आपल्याला गटाच्या हिशोबावरून चटकन कळेल. गटानं एका बाईला अंतर्गत कर्ज दिलं की पेटीतली रोकड कमी होते, पण गटाची एकूण रक्कम तेवढीच राहते. तो पैसा बाईकडे येणं म्हणून वहीत असतो. कार्बन डायऑक्साइड पाण्यात मिसळला की जितकं आंबट वाढतं तितकंच बायकार्बोनेटही तयार होतं, म्हणून बेरीज जशीच्या तशी. सामू म्हणजे पेटीतली रोकड, रोज वरखाली होणारी. अल्कलिनिटी म्हणजे गटाची एकूण रक्कम.

आपल्या बोडीतही रोज हेच चालतं. रात्री मासे, शेवाळ, तळाचा गाळ सगळे श्वास घेतात, कार्बन डायऑक्साइड साठतो आणि पहाटे सामू उतरतो. दिवसा उन्हात हिरवं पाणी तो वायू खातं आणि दुपारी सामू चढतो. अल्कलिनिटी चांगली असेल तर हा चढउतार बेताचा राहतो. ती 20 च्या खाली असेल तर त्याच बोडीचा सामू पहाटे साडेसहा आणि दुपारी साडेनऊसुद्धा दिसू शकतो. शिल्लक नसलेल्या गटासारखं, एका दवाखान्याच्या खर्चानं सगळं हलतं.

आता त्या गटाचं काय चुकलं ते कळेल. पहाटेचा एकच सामू पाहिला. दुपारी तो आधीच चढलेला होता. पाण्यात सावरून घ्यायची ताकद नव्हती. त्यावर कळीचा चुना एकदम पडला आणि सामू मासे सहन करू शकत नाहीत इतका वर गेला. बायांचं काम कमी पडलं नव्हतं, माहिती कमी पडली होती, आणि ती माहिती द्यायचं काम आमचं होतं.

म्हणून चार गोष्टी आपल्या वहीत लिहून ठेवा.

एक, पाणी तपासायला देताना ‘टोटल अल्कलिनिटी पण काढा’ असं सांगा. कार्प माशांसाठी साधारण 50 ते 150 चांगली. 20 च्या खाली असेल तर शेणखत टाकूनही पाणी नीट हिरवं होत नाही.

दोन, सामू एकदाच पाहू नका. पहाटे आणि दुपारी तीनच्या सुमारास, असा दोनदा पाहा आणि वेळही लिहा.

तीन, चुना म्हटला की सगळा एक नाही. कळीचा चुना तेज असतो, तो बोटुकली सोडण्याआधी रिकाम्या बोडीच्या तळाला वापरायचा. मासे असताना अल्कलिनिटी वाढवायची तर चुनखडीची भुकटी, म्हणजे शेतीचा चुना बरा. तो हळूहळू विरघळतो आणि सामूला एकदम उडी मारू देत नाही. किती टाकायचा ते रिपोर्ट दाखवून मत्स्यव्यवसाय कार्यालयात किंवा कृषी विज्ञान केंद्रात विचारा. अल्कलिनिटी आधीच चांगली असेल तर चुन्यावर पैसा घालू नका.

चार, पहाटे मासे वर येऊन तोंड उघडत असतील तर आधी ऑक्सिजन कमी पडलाय असं समजा. तिथे चुना उपयोगाचा नाही. ताजं पाणी सोडा, पाणी खळबळा, त्या दिवशी खाद्य आणि शेणखत थांबवा.

हाच शब्द पिण्याच्या पाण्याच्या रिपोर्टवरही दिसेल. भारतीय मानकात तिथे 200 पर्यंत चालतं म्हटलंय, आणि दुसरं पाणी मिळतच नसेल तर 600 पर्यंत. आकडा तोच, पण माशाचं पाणी वेगळं आणि पिण्याचं वेगळं, हे ध्यानात असू द्या.

त्या गटानं बोडी सोडली नाही. कर्जाचे हप्ते चालू आहेत. या वेळी पाणी भरल्यावर बोटुकली सोडण्याआधी रिपोर्ट आणला आणि मासिक बैठकीत सगळ्यांसमोर वाचला. अल्कलिनिटीचा आकडा आता बचतीच्या वहीच्या मागच्या पानावर लिहिला जातो, तारखेसकट. तुमच्या गटाकडे बोडी असेल तर येत्या बैठकीला रिपोर्ट सोबत आणा. ती ओळ आपण मिळून वाचू.