तळेगाव दशासर ते सेझान

धामणगाव रेल्वे तालुक्यातलं तळेगाव दशासर विदर्भाला ठाऊक आहे ते शंकरपटासाठी. यवतमाळकरांना लांबची गाडी पकडायला धामणगाव गाठावं लागतं, तेव्हा हा मुलूख आपल्या रोजच्या वाटेवरचाच. या तळेगावात १९१७ साली हरी अंबादास गाडे जन्मले. शिकले विज्ञान, आणि झाले चित्रकार. १९४७ साली मुंबईत सहा जणांनी मिळून प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप स्थापन केला आणि भारतीय चित्रकलेची दिशा बदलली. सूझा, रझा, आरा, हुसेन, शिल्पकार बाकरे आणि सहावे आपले गाडे. यांतल्या रझांचं पहिलं कलाशिक्षण नागपूरच्या स्कूल ऑफ आर्टमध्ये झालं. पुढे १९५० मध्ये ग्रुपशी जोडले गेलेले वासुदेव गायतोंडे मूळ गोव्याकडच्या घरातले, पण जन्म नागपूरचा, १९२४ चा. एवढी माणसं आपल्या उंबऱ्याशी होती, आणि आपल्या शाळांच्या भिंतींवर त्यांतल्या एकाचंही नाव दिसत नाही, याचं मला फार वाईट वाटतं.

पण मला खरा अचंबा वाटतो तो वेगळ्याच गोष्टीचा. या मुलांनी सेझान पाहिला कुठे? मातिस, पिकासो, क्ले पाहिले कुठे? मूळ चित्रं युरोपातल्या संग्रहालयांत, समुद्रापार. ही मंडळी मुंबईत, तीही बहुतेक रिकाम्या खिशानं. उत्तर साधं आहे आणि तरीही थक्क करणारं: छापील पानांवर.

नाझी राजवटीमुळे व्हिएन्ना सोडून वॉल्टर लँगहॅमर हे चित्रकार १९३८ मध्ये मुंबईत आले आणि 'टाइम्स ऑफ इंडिया'चे कलासंचालक झाले. त्यांच्या घरी तरुण चित्रकारांची बैठक भरे. लँगहॅमर युरोपीय चित्रांच्या छापील प्रती पुढ्यात ठेवत आणि रचना कशी बांधली आहे, रंगाचं वजन कुठे पडलं आहे, ते उलगडून सांगत. रूडी व्हॉन लायडेनसारखा जर्मन कलासमीक्षकही याच वर्तुळातला. १९४८ मध्ये काश्मीरमध्ये छायाचित्रकार आंरी कार्तिए-ब्रेसाँ यांनी रझांची चित्रं पाहिली, त्यांत बांधणी कमी पडते असं सांगितलं आणि सेझानचा अभ्यास करायला सुचवलं. दोनच वर्षांत रझा फ्रान्सला निघाले. गायतोंडे तर क्लेच्या चित्रांनी भारले गेले, तेही मुख्यतः पुस्तकांतूनच.

आता एक प्रयोग करा. घरात कुठलंही रंगीत छापील चित्र असेल, दिनदर्शिका किंवा मासिकाचं मुखपृष्ठसुद्धा चालेल. त्यावर शाळेतलं साधं भिंग धरा. आकाशातली निळाई फुटते आणि तिथे ठिपके दिसतात. जांभळा रंग शोधू गेलात तर जांभळं काही सापडतच नाही, निळसर आणि किरमिजी ठिपके तेवढे. अख्ख्या पुस्तकातले हजारो रंग चारच शायांचे असतात: निळसर, किरमिजी, पिवळी आणि काळी. ठिपके जवळजवळ असतात, काही एकमेकांवर चढलेले असतात, आणि त्यांचा मिलाफ होतो तो आपल्या डोळ्यात. तिन्ही रंगीत शाया एकत्र आल्या तर खरा काळा मिळत नाही, मळकट तपकिरी मिळतो. म्हणून काळी शाई वेगळी लागते.

ठिपक्यांच्या रांगाही सरळ मांडून चालत नाहीत. चार जाळ्या एकावर एक तंतोतंत बसवायला गेलं आणि केसभर सरकल्या, की चित्रावर लाटांसारखे नको ते पट्टे उमटतात. म्हणून प्रत्येक शाईची जाळी वेगळ्या कोनात फिरवतात. काळी ४५ अंशांत, कारण तिरप्या रेघा आपल्या डोळ्याला सगळ्यांत कमी खुपतात. पिवळी सरळ ठेवली तरी चालते, कारण पांढऱ्या कागदावर पिवळा ठिपका मुळातच कमी दिसतो. किरमिजी ७५ आणि निळसर १५ अंशांत. असं केलं की भिंगाखाली ठिपक्यांची लहान लहान फुलं उमलल्यासारखी दिसतात. चांगल्या कलापुस्तकात एका इंचात अशा ठिपक्यांच्या १५० किंवा त्याहून जास्त रांगा असतात. म्हणजे एका चौरस इंचात, एका शाईचे, साडेबावीस हजार ठिपके! मनुष्याच्या डोळ्याच्या मर्यादेचा इतका नेमका उपयोग दुसऱ्या कुठल्या रोजच्या वस्तूत केलेला असेल, असं मला वाटत नाही.

गंमत म्हणजे रंगांचा मिलाफ डोळ्यावर सोपवण्याची कल्पना एका चित्रकारानं थेट कॅनव्हासवर आणली होती. जॉर्ज सोरा या फ्रेंच तरुणानं १८८४ ते १८८६ या काळात 'ला ग्रांद जात' बेटावरचा रविवार रंगवला, सुमारे दोन मीटर उंच आणि तीन मीटर रुंद, आणि तो शुद्ध रंगांच्या ठिपक्याठिपक्यांनी. त्याला वाट दाखवणाऱ्या पुस्तकांपैकी एक होतं मिशेल-युजेन शेवरल या रसायनशास्त्रज्ञाचं, १८३९ चं. शेवरल पॅरिसच्या गोब्लँ विणकामशाळेत रंगाई विभागाचे प्रमुख होते. काळ्या धाग्याचा रंग फिका पडतो अशी तक्रार त्यांच्याकडे आली. त्यांनी शोध घेतला तेव्हा कळलं की रंगात खोट नाही. शेजारच्या धाग्याच्या रंगामुळे काळा तसा भासतो! धाग्यावरच्या तक्रारीतून पुस्तक निघालं आणि त्या पुस्तकातून चित्रकला बदलली. कापसाच्या जिल्ह्यात राहणाऱ्या आपल्याला ही गोष्ट विशेष जवळची वाटावी.

तरीही पानावरचं चित्र म्हणजे मूळ चित्र नव्हे, आणि पुस्तक वाचताना हे सतत मनात हवं. पहिली लबाडी आकाराची. 'मोना लिसा' जेमतेम अडीच फूट उंच. पिकासोची 'गेर्निका' साडेअकरा फूट उंच आणि साडेपंचवीस फूट लांब. पुस्तकात दोघी एकेका पानावर शेजारीण होऊन बसतात. म्हणून चित्राखालची बारीक अक्षरातली ओळ वगळू नका. तिथे माप दिलेलं असतं. शाळेच्या लांब भिंतीवर खडूनं 'गेर्निका'चं माप आखून बघा, मुलांना समोर उभं करा, आणि मग पुस्तक उघडा. क्लेची मात्र कितीतरी चित्रं लहान, कागदावरची. ती पुस्तकात फारशी आक्रसत नाहीत. पुस्तकातून सर्वांत धडधाकट पोचणाऱ्या चित्रकारांत मी क्लेला फार वर धरतो, आणि गायतोंडेंना तो इतका आतपर्यंत भिडला यात मला आश्चर्य वाटत नाही.

दुसरी लबाडी पांढऱ्या रंगाची. त्या चार शायांत पांढरी नसतेच. पानावर जे पांढरं दिसतं तो कोरा कागद. व्हॅन गॉगच्या १८८९ च्या 'तारांकित रात्री'त उजळ भाग आहे तिथे रंगाचा जाड थर आहे, बोट फिरवलं तर लागेल असा. पुस्तकात ज्या ठिकाणी सर्वांत कमी शाई, मूळ चित्रात त्या ठिकाणी रंगाचा ढीग.

आणि गायतोंडे? ते रोलरनं रंग पसरत, पॅलेट नाइफनं खरवडत, वर्तमानपत्रांचे आणि मासिकांचे फाडलेले तुकडे ओल्या रंगावर ठेवून दाबत आणि उचलत. थराखालून थर झिरपून वर येतो. हा प्रकाश चार शायांना पुरता पकडता येत नाही. २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयात त्यांचं मोठं प्रदर्शन झालं. यवतमाळहून तिथे कोण जाणार? आपल्यासाठी सतीश नाईक यांनी 'चिन्ह'तर्फे काढलेला 'गायतोंडे' हा मराठी ग्रंथ आहे. प्रकाश उणा का होईना, माणूस पुरता भेटतो.

कधी कधी तर पुस्तकच उरतं. अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या प्रती करायला रॉबर्ट गिल १८४४ पासून लेण्यांत राबले. त्यांच्या बहुतेक प्रती १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला लागलेल्या आगीत गेल्या. मग जे. जे. स्कूलचे जॉन ग्रिफिथ्स १८७२ पासून आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्यात उतरले. पेस्तनजी बोमनजींसारखे विद्यार्थी त्यांत होते. कित्येक वर्षांच्या त्या कामातल्या शंभराहून अधिक प्रती १८८५ मध्ये लंडनमध्येच, साउथ केन्सिंग्टनला, पुन्हा आगीत जळाल्या. त्यानंतर १८९६-९७ मध्ये ग्रिफिथ्स यांचे दोन भव्य खंड छापून निघाले. दरम्यान लेण्यांतली मूळ चित्रंही झिजली, प्रती करताना फासलेल्या व्हार्निशनं काळवंडली. आज अजिंठ्याचा अभ्यास करणाऱ्याला हे खंड उघडावेच लागतात. भिंतीवरून जे गेलं, त्यातलं काही फक्त तिथेच आहे.

मराठीतही या विषयावर जीव ओतून लिहिलं गेलं आहे. प्रभाकर बरवे यांचं 'कोरा कॅनव्हास' मी सर्वांत आधी हातात देईन. बरवे विणकर सेवा केंद्रात कापडाच्या नक्ष्या करत आणि आपली चित्रं रंगवत. वस्तू, तिची सावली, तिच्याभोवतीची मोकळी जागा यांकडे कसं बघायचं ते त्यांनी स्वतःच्या अनुभवातून लिहिलं आहे, आणि त्यासाठी चित्रकलेचं शिक्षण लागत नाही. माधुरी पुरंदरे यांचं 'पिकासो' चरित्र म्हणून वाचा, चित्रांची वाट म्हणून वाचा, दोन्ही अंगांनी उत्तम. सुहास बहुळकर आणि दीपक घारे यांनी संपादित केलेल्या शिल्पकार चरित्रकोशाच्या दृश्यकला खंडात महाराष्ट्राचे चित्रकार एकत्र भेटतात. आणि पैसे नसतील तर वाईचा मराठी विश्वकोश इंटरनेटवर फुकट आहे.

हे महाग पुस्तकांचं क्षेत्र आहे, एकट्याच्या खिशाला जड. म्हणून माझी विनंती यवतमाळ, वणी, पुसद, दारव्हा, पांढरकवडा इथल्या वाचकांना आहे. आपल्या सार्वजनिक वाचनालयाकडे यातल्या एका पुस्तकाची लेखी मागणी करा. ते आलं की कुलूपबंद कपाटात न ठेवता टेबलावर ठेवायला सांगा, आणि शेजारी एक भिंगही.