तापलेली गाडी आणि भाजलेले पाय

एप्रिल-मे महिन्यांत दवाखान्यात एक तक्रार हमखास येते. टेम्पो चालविणारा माणूस चप्पल काढून तळवा पुढे करतो. टाचेवर रुपयाएवढा फोड आलेला असतो. "डॉक्टरसाहेब, चटका कधी बसला ते कळलंच नाही," असे तो सांगतो. हा फोड दिसायला लहान असला तरी तो शरीराने दिलेला इशारा असतो. तो कशाचा, हे समजण्यासाठी आज एका मोटारशर्यतीची हकीकत सांगतो.

अमेरिकेत 'स्टॉक कार' नावाच्या शर्यती फार लोकप्रिय आहेत. सर्वसामान्य माणूस दुकानातून विकत घेतो तशाच दिसणाऱ्या मोटारी मजबूत करून त्यात पळवितात. टेनेसी राज्यात ब्रिस्टल येथे अर्ध्या मैलाच्या फेरीचा नवा स्पीडवे बांधला गेला आणि ३० जुलै १९६१ रोजी तेथे पहिली शर्यत झाली. फेऱ्या ५००, म्हणजे अंतर २५० मैल. आपल्या हिशेबाने सुमारे ४०० किलोमीटर, जवळजवळ मुंबई ते कोल्हापूर. ४२ गाड्या सुटल्या, त्यांपैकी शेवटपर्यंत टिकल्या फक्त १९.

विजेता म्हणून जॅक स्मिथ यांचे नाव नोंदले गेले. पण शर्यत संपली तेव्हा गाडीत स्मिथ नव्हतेच! २९० फेऱ्यांनंतर ते खाली उतरले होते. इंजिनाच्या आणि धूर सोडणाऱ्या नळीच्या उष्णतेने गाडीचा तळ इतका तापला होता की त्यांचे पाय भाजून निघाले. उरलेल्या २१० फेऱ्या जॉनी ॲलन या दुसऱ्या चालकाने पुऱ्या केल्या. शर्यत सुरू करणाऱ्याच्या नावावर विजय लिहिण्याची तेथे पद्धत असल्याने बक्षीस स्मिथना लागले, रक्कम मात्र दोघांनी वाटून घेतली. स्मिथ हट्टाने बसून राहिले असते तर काय झाले असते, याचा वाचकांनीच विचार करावा.

आता आपल्याकडे पाहू. अंजूरफाटा, माणकोली, राजणोली नाका येथे भर दुपारी वाहतूक तुंबली की गाडी जागच्या जागी उभी राहते. वारा लागत नाही, वर पत्रा तापतो, खाली इंजिन धगधगते. कित्येक टेम्पोंत तर इंजिन सीटखालीच असते. २०२५ साली लागू झालेल्या नियमाने नव्या मध्यम व अवजड ट्रकांच्या केबिनमध्ये वातानुकूलन सक्तीचे झाले, ही चांगली गोष्ट आहे. पण जुने ट्रक आणि लहान टेम्पो त्यात येत नाहीत. यंत्रमागाच्या पत्र्याच्या शेडमध्ये किंवा गोदामात हमाली करणाऱ्यांची स्थितीही फारशी वेगळी नाही.

चटका का कळत नाही?

भाजण्यासाठी विस्तवच लागतो असे नाही. ६० अंश सेल्सिअस तापलेल्या धातूला कातडी टेकली तर पाच-सहा सेकंदांत भाजते. पण ४४ अंशांसारखी सोसवेल अशी उष्णताही तासन्‌तास एकाच जागी लागत राहिली तर कातडी भाजू शकते. चालकाची टाच एकाच ठिकाणी टेकलेली असते, म्हणून फोड तेथे येतो.

मधुमेहाच्या रुग्णांनी येथे विशेष लक्ष द्यावे. जुन्या मधुमेहात तळपायाच्या संवेदना बोथट होतात. चटका जाणवत नाही, जखम लवकर भरत नाही आणि ती चिघळली तर पाय गमावण्याची पाळी येते. अशा चालकांनी पातळ चप्पल घालून गाडी चालवू नये. जाड तळव्याचे बंद बूट वापरावेत आणि रात्री घरी दोन्ही तळवे उजेडात पाहावेत. स्वतःला दिसत नसतील तर घरच्यांना पाहायला सांगावे. फोड आला तर तो फोडू नये, त्यावर टूथपेस्ट किंवा शाई लावू नये. भाजल्याबरोबर वीस मिनिटे साधे गार पाणी सोडावे, बर्फ चोळू नये.

घाम येतो, तरी अंग का तापते?

आपल्या शरीराचे तापमान ३७ अंशांच्या आसपास राहावे लागते. बाहेर उष्णता वाढली की घाम येतो. गारवा मिळतो तो घाम येण्याने नव्हे, तर घाम वाळण्याने. एक लिटर घाम वाळताना सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता शरीरातून ओढून नेतो. आपल्या ठाणे जिल्ह्याची हवा दमट. घाम अंगावरून नुसता निथळतो, वाळत नाही. त्यामुळे पाणी आणि मीठ तर जाते, पण अंग थंड होत नाही. 'विदर्भात ४५ अंश असते, आमच्याकडे ३७च आहे' हे समाधान म्हणूनच फसवे ठरते.

१६ एप्रिल २०२३ रोजी खारघर येथे उघड्या मैदानावरील कार्यक्रमानंतर उष्माघाताने १४ जणांचे प्राण गेले. खारघर काही आपल्यापासून दूर नाही.

६० किलो वजनाच्या माणसाच्या अंगातून सव्वा लिटर पाणी गेले तरी त्याची एकाग्रता कमी होऊ लागते. चालकाच्या बाबतीत याचा अर्थ ब्रेक उशिरा लागणे. म्हणजे धोका एकट्या चालकाला नाही, रस्त्यावरच्या सर्वांनाच आहे.

इशारे ओळखा

पहिला इशारा म्हणजे पोटऱ्यांत गोळे येणे. त्यानंतर डोके दुखणे, चक्कर, मळमळ, खूप घाम, लघवी कमी व गडद पिवळी होणे. येथे काम थांबवून सावलीत बसले, पाणी घेतले तर माणूस तासाभरात सावरतो.

पण माणूस असंबद्ध बोलू लागला, झोकांड्या खाऊ लागला, फिट आली किंवा शुद्ध हरपली आणि अंग चटके बसावेत इतके तापले असेल तर तो उष्माघात समजावा. शरीराचे तापमान यात ४० अंशांच्या वर जाते. 'घाम येतोय, म्हणजे उष्माघात नाही' हा समज चुकीचा आहे. कष्टाचे काम करणाऱ्याला उष्माघातातही घाम असू शकतो. अशा वेळी १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी आणि ती येईपर्यंत थांबून राहू नये. रुग्णाला सावलीत आणून कपडे सैल करावेत, अंगावर भरपूर पाणी ओतावे, वारा घालावा, मान, काखा व जांघांत बर्फ ठेवावा. शुद्धीवर नसलेल्याच्या तोंडात पाणी घालू नये. तापाची गोळी येथे उपयोगी पडत नाही.

चालकांनी व मालकांनी काय करावे?

तहान लागण्याची वाट न पाहता दर वीस मिनिटांनी पेलाभर पाणी प्यावे. लघवीला थांबता येत नाही म्हणून पाणीच न पिणे, ही चालकांची सवय घातक आहे. एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून बाटली बरोबर ठेवावी. चमचा चहाचा घ्यावा. ताक, कोकम सरबत, पन्हेही चांगले. मद्य टाळावे. रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी लघवी जास्त होते. त्या घेणाऱ्यांनी, तसेच हृदयाच्या व मूत्रपिंडाच्या रुग्णांनी, पाणी-मीठ किती घ्यावे हे डॉक्टरांना विचारावे. मनाने गोळी बंद करू नये.

मालकांनी गाडीच्या तळाला उष्णतारोधक थर लावून घ्यावा, फाटलेले रबर बदलावे. नव्या माणसाला किंवा सुट्टीवरून परतलेल्याला पहिल्याच दिवशी भर दुपारची लांबची खेप देऊ नये. उष्णतेची सवय व्हायला शरीराला आठ-पंधरा दिवस लागतात.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे चालकाने "बरं वाटत नाही" म्हटले तर त्याला उतरू द्यावे. त्याचा रोज कापला जाणार असेल तर तो बोलणारच नाही. ब्रिस्टलच्या त्या शर्यतीत स्मिथ वेळीच उतरले, म्हणून गाडीही पोहोचली आणि माणूसही घरी गेला. आपल्याकडेही माल तासभर उशिरा पोहोचला तर फारसे बिघडत नाही. क्लीनरला किंवा जोडीदाराला सांगावे, "बाबा रे, थोडा वेळ तू घे." त्यात कमीपणा मुळीच नाही.