गावांच्या नावाची जहाजं

कॅनडाच्या नौदलाची स्थापना 1910 सालची. सुरुवात ब्रिटनकडून घेतलेल्या ‘नायोबी’ आणि ‘रेनबो’ या दोन जुन्या क्रूझरांवर झाली. 1939 मध्ये महायुद्ध पेटलं तेव्हाही हाताशी विनाशिका अवघ्या सहा. अटलांटिकमध्ये जर्मन पाणबुड्या मालवाहू जहाजं बुडवत होत्या. मग त्यांच्या रक्षणासाठी कॅनडाने शंभरावर कॉर्व्हेट, म्हणजे छोट्या युद्धनौका, बांधल्या. देवमाशाची शिकार करणाऱ्या बोटीवरून बेतलेलं हे जहाज जेमतेम 205 फूट लांब, वेग 16 नॉट. पाण्यावर आलेली पाणबुडी याहून किंचित वेगवान! भर समुद्रात ते इतकं हेलकावे खाई की लाटांचं पाणी खलाशांच्या झोपायच्या जागेत शिरे, कपडे वाळत नसत, काही दिवसांत पावाला बुरशी धरे. अनेकांनी त्याआधी समुद्र पाहिलाही नव्हता. त्यांचं धैर्य मला मोठ्या युद्धनौकांच्या कहाण्यांपेक्षा मोठं वाटतं. बहुतेक कॉर्व्हेटना कॅनडातल्या गावाशहरांची नावं होती. त्यांपैकी ‘सॅकव्हिल’ आज हॅलिफॅक्समध्ये जपलेली आहे. या वर्गातली जगात उरलेली ती एकमेव.

युद्धानंतरही कॅनडाच्या नौदलात नवी जहाजं येत राहिली. किनाऱ्यालगतच्या गस्तीसाठी 1990च्या दशकात ‘किंग्स्टन’ वर्गाची बारा जहाजं आली. आर्क्टिकसाठी बांधलेलं ‘हॅरी डिवुल्फ’ 2021 मध्ये तिथल्या वायव्य सागरी मार्गातून पार झालं.