ऐरोलीच्या खाडीत, आईंसोबत

ठाण्याच्या खाडीत रोहित पक्षी बघायला जायचं तर आधी पंचांग उघडावं. पूर्ण ओहोटीला खाडीत पाणी इतकं कमी असतं की बोट गाळात रुतते. भरती पूर्ण चढली की गाळ पाण्याखाली जातो, रोहितांना चरायला जागा उरत नाही आणि ते उडून आसपासच्या पाणथळींवर विसाव्याला जातात. या दोहोंच्या मधल्या काही तासांतच बोट सुटते. ऐरोलीच्या जैवविविधता केंद्रात बुकिंग केलं की वेळ कळवतात, पण माझ्या सासूबाईंनी ती आदल्या रात्री तोंडीच काढली. तिथी होती पंचमी. "पाच पाऊणे पावणेचार," त्या म्हणाल्या. तिथीला पाऊणने गुणलं की भरतीची वेळ येते, कारण अमावास्येला आणि पौर्णिमेला आपल्याकडे बाराच्या सुमारास भरती असते आणि ती रोज साधारण पाऊण तास पुढे सरकते. म्हणजे पंचमीला पावणेचारला पूर्ण भरती, त्याआधी सहा तासांवर पूर्ण ओहोटी, तर बोट बाराच्या पुढे. केंद्राने दिलेली वेळ सव्वाबाराची होती.

आईंना हे हिशेब येतात कारण त्यांचं सगळं आयुष्य पनवेलच्या खाडीकाठी गेलं. नवी मुंबई विमानतळासाठी जी दहा गावं उठली त्यांपैकी एक आमचं. आता आम्ही करंजाड्यात राहतो. मी साताऱ्याकडची, लग्न होऊन इकडे आले, मराठी शाळेत शिकवते. गाढी नदी आमच्या वसाहतीच्या कडेने खाडीकडे जाते आणि तिच्या काठाचं तिवरांचं रान मी वर्षानुवर्षं बसच्या खिडकीतून पाहत आले. त्यात काय आहे हे मात्र मला नीट दाखवलं ते ऐरोलीतल्या एका वाटाड्या मुलीने, आणि तिच्यापेक्षाही जास्त आईंनी.

पनवेलहून ठाण्याला जाणारी लोकल थेट ऐरोलीला सोडते. तिथून रिक्षाने किनारी व सागरी जैवविविधता केंद्र. हे राज्याच्या वनविभागाच्या कांदळवन कक्षाचं. हा कक्ष 2012 साली स्थापन झाला. आम्ही मुद्दाम दहाच्या आत पोचलो, कारण ओहोटीच्या वेळी कांदळवनातल्या लाकडी वाटेवरून जे दिसतं ते भरतीला दिसत नाही.

आधी दिसतात ती मुळं. तिवराच्या झाडाभोवती गाळातून पेन्सिलीएवढी मुळं हजारोंनी सरळ वर आलेली असतात. खाडीच्या गाळात हवा नसते, म्हणून झाड श्वास घ्यायला मुळं वर काढतं. वाटाड्या मुलीने तिवराचं एक पान उलटसुलट करून दाखवलं आणि जिभेला लावायला सांगितलं. खारट! मुळांनी शोषलेल्या पाण्यातलं जास्तीचं मीठ हे झाड पानांवाटे बाहेर टाकतं. पुढे कांदळ होता. त्याचं बी झाडावरच रुजतं, हिरव्या शेंगेसारखं लांब होऊन लोंबतं आणि तयार झालं की खाली गाळात उभं रुततं, नाहीतर पाण्याबरोबर वाहत जाऊन दुसरीकडे मूळ धरतं. चिप्पीबद्दल तिने अभिमानाने सांगितलं की पांढरी चिप्पी 2020 पासून महाराष्ट्राचा राज्य कांदळवृक्ष आहे.

मग आई मध्येच थांबल्या. "अगो, या बघ निवट्या! आमी खारीन हातानं पकराचू."

निवटी हा मासा, पण ओहोटीला तो चिखलावर असतो. पुढचे दोन पर टेकत टेकत चालतो, मध्येच उडी मारतो, डोक्यावर बसवलेले डोळे चहूकडे फिरवतो. अंग ओलं असेल तोवर तो कातडीतूनही श्वास घेऊ शकतो आणि कल्ल्यांच्या पोकळीत पाणी धरून ठेवतो. हे वाटाड्या मुलीने सांगितलं. तो पकडायचा कसा, हे आईंनी. त्याच्या बिळाला एकाहून जास्त तोंडं असतात. एका तोंडावर टाच घट्ट दाबायची आणि दुसऱ्यातून कोपरापर्यंत हात घालायचा, बोटं जुळवून, सावकाश, कारण आत चिंबोरी असली तर नांगी लागते. आईंनी लाकडी कठड्यावर हात ठेवून मनगट कसं वळवायचं ते दाखवलं. आमच्यासोबत आलेली ठाण्याची, मुलुंडची मंडळी मोबाइल खाली ठेवून त्यांच्याकडे बघत राहिली. वाटाड्या मुलीने वही काढून ते लिहून घेतलं. तिचं मला तेव्हा फार कौतुक वाटलं. जो शिकवायला उभा आहे त्याने असं शिकूनही घ्यावं.

बोट चालवणारे दादा शेजारच्या कोळीवाड्यातले. किनाऱ्यापासून थोडं पुढे गेल्यावर त्यांनी इंजिन मंद केलं. पाण्याच्या कडेला शेकाटे, पाणटिवळे, तुतारी, काळ्या डोक्याचे कुदळे. आणि त्यांच्या मागे, विक्रोळी-भांडुपच्या इमारतींपुढे, एक लांबच लांब गुलाबी पट्टा.

इथे दोन जातींचे रोहित येतात. मोठा रोहित उंच, फिकट, गुलाबी चोचीचं टोक काळं. छोटा रोहित बुटका, रंगाने गडद, चोचही गडद लाल. या खाडीत जास्त असतात ते छोटे. चोच उलटी करून ते पाणी आत घेतात, जीभ मागेपुढे करून ते चोचीच्या कडेच्या बारीक जाळीतून बाहेर ढकलतात आणि अडकलेलं शेवाळ गिळतात. गुलाबी रंग येतो तो या खाण्यातूनच. पिल्लं करडी असतात. नोव्हेंबरच्या सुमारास ते यायला लागतात आणि पाऊस तोंडावर आला की बहुतेक जण कच्छच्या रणाकडे आणि इतरत्र परततात. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या मोजणीत या परिसरात एका हंगामात लाखाहून जास्त रोहित आढळले आहेत. 1990 च्या दशकात ते इथे मोठ्या संख्येने दिसू लागले. शहराच्या सांडपाण्यामुळे खाडीत शेवाळ वाढलं, हे त्याचं एक कारण मानलं जातं. मला ही गोष्ट खटकते. पक्षी आले म्हणून खाडी निरोगी आहे असं समजायचं कारण नाही.

खाडीचा 1690 हेक्टरचा भाग ऑगस्ट 2015 मध्ये रोहित अभयारण्य झाला. मालवणनंतरचं हे राज्यातलं दुसरं सागरी अभयारण्य. 2022 मध्ये नांदूर मधमेश्वर आणि लोणारपाठोपाठ ठाणे खाडीला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. कांदळवनांना संरक्षण मिळालं ते त्याआधी, न्यायालयामुळे. 26 जुलै 2005 च्या पुरानंतर त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने राज्यभर कांदळवनतोडीला मनाई केली आणि 2018 च्या अंतिम निकालाने ती कायम केली. कांदळवनाभोवतीच्या 50 मीटर पट्ट्यातही बांधकाम करता येत नाही. करंजाड्यात प्लॉट बघायला येणाऱ्या प्रत्येकाने हे आधी वाचावं असं मला वाटतं.

पण अभयारण्याच्या हद्दीने पक्ष्यांचं भागत नाही. पूर्ण भरतीला ते जिथे विसावतात त्या नेरूळ-सीवूड्सच्या पाणथळी हद्दीबाहेर आहेत. 2024 साली तिथल्या डीपीएस तलावात भरतीचं पाणी येण्याची वाट बुजली, तलाव आटला आणि त्याच उन्हाळ्यात त्या भागात रोहित मरून पडलेले सापडले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात घाटकोपरला उतरत्या विमानाची थव्याला धडक बसून तीसहून जास्त रोहित मेले. आता 2025 च्या डिसेंबरपासून आमच्या डोक्यावरूनही विमानं जातात. विसाव्याची जागा गेली की पक्षी दुसरी जागा शोधत उडणार, आणि ते उडणार त्याच आभाळात. म्हणून पाणथळी राखणं हे विमानातल्या प्रवाशांच्याही हिताचं आहे. इतकी सरळ गोष्ट पुन्हा पुन्हा सांगावी लागते.

परतताना दादांनी आईंना विचारलं, तुमच्याकडे चिवणी अजून मिळते का? मग पाऊण तास दोघांचं मासळीवर चाललं: पहिल्या पावसातली अंड्यांनी भरलेली चिवणी, जिताड्याची पिल्लं कांदळाच्या मुळांत कशी वाढतात, उघाडीच्या, म्हणजे बांधातल्या पाणी सोडण्याच्या दाराच्या, तोंडाशी कोळंबी कधी लागते. त्या दिवसातलं मोलाचं ज्ञान मला या गप्पांत मिळालं. कांदळवन का टिकायला हवं, याचं उत्तर त्यांच्या बोलण्यात ताटापर्यंत येऊन पोचत होतं.

असं ज्ञान असलेल्या बायका स्वतः फेरी चालवूही शकतात: वेंगुर्ल्याला मांडवी खाडीत 'स्वामिनी' बचत गटाच्या बायका स्वतः होड्या वल्हवून पाहुण्यांना कांदळवन दाखवतात. त्यांतल्या अनेक जणी मच्छीमार घरांतल्या. सरकारनेही 2017 पासून कांदळवन राखणाऱ्या गावांसाठी उपजीविकेची योजना चालवली आहे. खेकडापालन, कालवं, शोभेचे मासे, निसर्ग पर्यटन असं तिच्यात येतं. रायगड जिल्ह्यात कांदळवन भरपूर आहे. पनवेल खाडीच्या काठी, गाढीच्या मुखाशी अशी एक फेरी का असू नये? बोटही लागणार नाही, बांधावरून चालत ओहोटीचे दोन तास पुरतील. निवटी दिसेल, खंड्या दिसेल, नशीब असेल तर गाळात सोनेरी कोल्ह्याच्या पावलांचे ठसे दिसतील. खारघरच्या बाजूला ते कोल्हे आहेतच. वाटाडे बाहेरून आणायला नकोत. उठलेल्या गावांतल्या साठी ओलांडलेल्या बायका करंजाडे-वडघरच्या इमारतींमध्ये राहतात, त्यांना कोणती तिवराची जाळी कुठे होती हेही तोंडपाठ आहे. त्यांना झाडांची शास्त्रीय माहिती द्यायला ऐरोलीतल्या वाटाड्या मुलीसारख्या मुली आहेत. एका प्रशिक्षणाची आणि बांधावर जायला परवानगीची गरज आहे, आणि त्या फेरीचे पैसे त्यांच्याच हातात पडायला हवेत.

मी हे बोटीत आईंना बोलून दाखवलं. त्यांनी लगेच चार जणींची नावं घेतली आणि यादीत पहिलं नाव आपलं लिहायला सांगितलं. अर्ज मी लिहायला घेतला आहे.