आठ जणींनी चालत चालत चाखायचं, ते कसं?

मागच्या एका भागात बोलता बोलता आम्ही 'फूड वॉक' असा शब्द वापरला. त्यावर गटांच्या बैठकीत बऱ्याच जणींनी विचारलं की चालायचं आणि खायचं ही एका वेळी करायची कामं आहेत का? शेतावर जाताना बांधावरची बोरं खातो तसं काही? तर आज त्याबद्दलच बोलू.

शहरात आणि परदेशात ही पद्धत चांगली रुळली आहे. सहा ते दहा माणसं एकत्र येतात. त्या गावची माहिती असलेली एक व्यक्ती पुढे असते. दोन-तीन तास पायी फिरायचं, चार-पाच ठिकाणी थांबायचं आणि प्रत्येक ठिकाणी तिथली खासियत थोडी थोडी चाखायची. पोट भरून जेवायचं नाही. पहिल्याच थांब्यावर दोन भाकरी खाल्ल्या तर पुढच्या तीन थांब्यांवर नुसतं बघत बसावं लागतं. खाता खाता तो पदार्थ कुणी केला, कशाचा केला, इथंच का होतो, हे ऐकायचं आणि विचारायचं. पैसे सगळे आधी ठरलेले असतात, त्यामुळे दर दुकानी पाकीट काढावं लागत नाही.

माणसं थोडीच का, असं तुम्ही म्हणाल. आपल्याला एस.टी. भरून सहलीला जायची सवय आहे. पण पन्नास बायका पेढ्याच्या कढईभोवती उभ्या राहूच शकत नाहीत. पुढच्या पाच जणींना खवा दिसतो, बाकीच्यांना पुढचीचा अंबाडा. आठ जणी असल्या की कारागीर हात थांबवून दाखवतो, शेवटच्या बाईलाही ऐकू जातं, आणि जी कधी बोलत नाही तीसुद्धा एखादा प्रश्न विचारते.

युरोपात चेक देश आहे, त्याची राजधानी प्राग. तिथे असा फेरफटका घालणारे पाहुणे भरपूर. तिथलं जुनं घरगुती खाणं थंडीच्या मुलखातलं, म्हणजे बटाटा, कोबी, पीठ आणि मांसाचा घट्ट रस्सा. त्या रश्शाबरोबर 'क्नेडलिक' नावाचा प्रकार खातात. तो ऐकलात तर ओळखीचा वाटेल. मैद्यासारख्या पिठात शिळ्या पावाचे तुकडे घालायचे, लांबट उंडा करायचा, उकडायचा आणि मग चकत्या करायच्या. आपली कोथिंबीर वडी! फरक एवढाच की ते तळत नाहीत, आणि उंडा सुरीऐवजी दोऱ्याने कापतात, म्हणजे तो दबत नाही. (कोथिंबीर वडीला दोरा लावून बघा, आम्हाला पटलं.) किसलेल्या बटाट्याची लसूण घातलेली धिरडी असतात, खसखशीचं किंवा आलुबुखाराचं सारण भरलेली गोल गोड पोळी असते. शिळा पाव वाया न घालवणारी बाई प्रागमध्येही आहे, हे कळल्यावर आम्हाला तो देश फार लांबचा वाटला नाही.

तिथलीच एक गोष्ट मात्र नीट ऐका, कारण ती आपल्या कामाची आहे. प्रागच्या चौकाचौकात आज एक गोड पदार्थ मिळतो, 'त्रदेलनिक'. कणकेची पट्टी लाटण्यासारख्या दांड्याला गुंडाळून विस्तवावर भाजतात आणि साखरेत घोळवतात. पाट्यांवर लिहिलेलं असतं, जुना पारंपरिक पदार्थ. खरं तर तो मूळचा प्रागचा नाही. शेजारच्या स्लोव्हाकियातल्या स्कालित्सा गावाची त्याच्याशी खरी ओळख जोडलेली आहे. प्रागमध्ये तो अलीकडे, पर्यटकांची गर्दी वाढल्यावर पसरला. चांगला वाटाड्या पाहुण्यांना हे सरळ सांगतो, 'खायचा तर खा, पण आमच्या आजीचा म्हणून खाऊ नका.' आपल्याकडे हमरस्त्यावर 'गावरान', 'चुलीवरचं' अशा पाट्या किती झाल्यात बघा. आत गॅस, आणि चूल फक्त फोटोपुरती.

आता आपल्या भागात या. सातारा आणि सांगली ही दोन्ही शहरं अशा फेरीला सोयीची, कारण जुनी पेठ एका जागी आहे आणि पायी फिरता येते. शिवाय १७ मार्च २०२३ पासून राज्यात बायकांना एस.टी.चं तिकीट अर्धं आहे. गटाच्या बैठकीत सहलीचा विषय निघाला की 'खर्च केवढा' इथेच तो संपायचा. आता निदान तेवढा तरी अडसर कमी झाला.

साताऱ्यात राजवाड्यापासून सुरुवात करावी. मोती चौकाच्या आसपास मिठाईची जुनी दुकानं आहेत, आणि साताऱ्याचा कंदी पेढा घेतल्याशिवाय पाहुणा परत जात नाही. हा पेढा इतर पेढ्यांपेक्षा वेगळा का लागतो? म्हशीच्या दुधाचा खवा करून तो पुन्हा परततात, तांबूस रंग येईपर्यंत. त्यामुळे ओलावा कमी होतो, दूध खरपूस लागतं आणि पेढा जास्त दिवस टिकतो. साखर तुलनेने बेताची. 'कंदी' हे नाव इंग्रजांच्या 'कँडी' शब्दावरून पडलं अशी एक गोष्ट सांगतात. गोष्ट म्हणून ऐकावी. आपल्याला महत्त्वाचं आहे ते ओलाव्याचं. ज्या मैत्रिणींच्या घरी दोन म्हशी आहेत आणि दूध डेअरीला जातं, त्यांनी दुकानदाराला विचारायचा प्रश्न हा की एक किलो खव्याला दूध किती लागतं, आणि परतल्यावर वजन किती घटतं. तिथेच उभं राहून हिशेब करा.

तिथून राजवाडा चौपाटी जवळच आहे. संध्याकाळी तिथल्या गाड्यांवर एखादी प्लेट मागवा आणि दोन-दोन घास वाटून घ्या. आणि बसून खा. हे मुद्दाम सांगतो. आपल्यातल्या कित्येक जणी घरी सगळ्यात शेवटी जेवतात, उरलेलं जेवतात, आणि बाजारात गेल्या तर मुलांना घेऊन देतात, स्वतः खात नाहीत. बाईनं रस्त्यावर उभं राहून खाऊ नये, लोक काय म्हणतील, हे आपल्या मनात इतकं मुरलं आहे की भूक लागली तरी आपण चहा पिऊन गाडीत बसतो. फेरीत तसं चालत नाही, कारण फेरीचं कामच मुळी खाण्याचं. आठ जणी मिळून बाकावर बसल्या की कुणी काही म्हणत नाही, आणि म्हटलं तरी ऐकू येत नाही.

सातारा जिल्ह्यातला आणखी एक माल चाखायला नाही तरी बघायला मागा, तो म्हणजे कोरेगाव भागातला वाघ्या घेवडा. दाण्यावर वाघासारखे तांबडे पट्टे असतात म्हणून वाघ्या. त्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं, महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला त्याआधी २०१० मध्ये. मानांकन म्हणजे हे नाव त्या भागात पिकलेल्या मालालाच लावता येतं. नाव वाचतं, पण दर आपोआप वाढत नाही, हे घेवडा पिकवणाऱ्या कुणालाही विचारा.

सांगलीची फेरी गणपती मंदिरापासून. पटवर्धनांनी कृष्णेच्या काठी बांधलेलं हे देऊळ सगळ्यांना ठाऊक आहे. तिथून पेठेत शिरलं की भडंगाची दुकानं. भडंग आपण घरी करतोच, पण सांगलीचं भडंग कुरकुरीत राहतं आणि आपलं दोन दिवसांत मऊ पडतं, हा आपला नेहमीचा प्रश्न. त्याचं उत्तर लसणात आहे. ठेचलेला लसूण आणि कढीपत्ता तेलात पार कोरडा होईपर्यंत तळला पाहिजे. लसूण अर्धा कच्चा राहिला तर त्याचं पाणी चिरमुऱ्यात उतरतं. चिरमुरेही जाड, टपोरे घ्यायचे, आणि मसाला लावण्याआधी चांगले गरम करून घ्यायचे. ज्या गटांनी भडंगाचा धंदा धरला आहे त्यांनी दुकानात पाकिटाची शिवण हाताने चाचपून बघा. माल चांगला असून शिवणीतून हवा शिरली तर सगळं वाया.

सांगलीत हळद चाखायची नसते, वास घ्यायचा असतो. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये मानांकन मिळालं. कंद शिजवायचे, उन्हात खडखडीत वाळवायचे, मग पॉलिश करायचे, एवढा प्रवास करून ती मार्केट यार्डात येते. हळदकुंड मोडून बघा. आत गडद केशरी रंग आणि मोडताना खट आवाज आला तर माल वाळलेला. पूर्वी ही हळद हरिपूरच्या पेवांत साठवायचे. हरिपूर सांगलीपासून थोड्या अंतरावर, कृष्णा-वारणेच्या संगमावर. तिथल्या मातीत खोल खड्डे करून हळद भरायचे आणि वरून बंद करायचे, माल वर्षानुवर्षं टिकायचा. २००५ च्या महापुरात पाणी पेवांत शिरलं आणि फार नुकसान झालं. हरिपूरला एखाद्या जुन्या जाणत्या माणसाकडून पेवाची गोष्ट ऐकली तर हळदीचा डबा उघडताना वेगळं वाटेल. पण इतकं अंतर चालू नका, रिक्षा करा. फेरी आहे, वारी नाही.

वेळ उरला तर तासगावचे बेदाणे. सांगलीच्या बेदाण्यालाही २०१६ चं मानांकन आहे. द्राक्षं आधी एका द्रावणात बुडवतात, त्यानं सालीवरचा मेणासारखा थर सुटतो, मग शेडमध्ये जाळ्यांवर पसरून साधारण पंधरा दिवसांत वाळवतात. निवडायला, देठ काढायला बायकाच असतात. त्या कामाची मजुरी किती हेही विचारून घ्या, नुसती चव नको.

आता दुसरी बाजू. खाऊन आलो, पुढे काय? माण, खटाव, आटपाडी, जत इथल्या आपल्या गावात अशी फेरी आपण घडवू शकतो का? आमचं मत, हो. राज्याचं कृषी पर्यटन धोरण २०२० साली आलं, २०२३ हे भरडधान्य वर्ष म्हणून जगभर पाळलं, शहरातल्या लोकांना बाजरीचं महत्त्व कळू लागलं. आणि आपल्याकडे आहे काय? तीळ लावलेली बाजरीची भाकरी, हुलग्याचं माडगं, मटकीची उसळ, खर्डा, खपली गव्हाची खीर. दुष्काळात खाल्लं म्हणून आपण ज्याला गरिबाचं खाणं म्हणतो ते माडगं पाहुण्याला मुद्दाम हवं असतं.

अडचण पैशांची नाही, पैसे मागण्याची आहे. दारी आलेल्याला जेवू घालायचं आणि वर पैसे घ्यायचे, हे आपल्याला जड जातं. सासूबाई म्हणतात, अन्न विकतेस का? त्यांना सांगायचं की आत्याबाई, पाहुणा वेगळा आणि ठरवून आलेलं गिऱ्हाईक वेगळं. पाहुण्याला आजही फुकटच वाढू. पण आठ अनोळखी माणसांसाठी पहाटे उठून हुलगे भाजून दळणाऱ्या बाईचे हात फुकट नाहीत. हिशेब असा मांडून बघा. माणशी २५० रुपये धरले तर आठ जणांचे २,००० झाले. चार घरांत थांबे असतील तर प्रत्येक घराला ३५० प्रमाणे १,४०० त्याच दिवशी रोख द्यायचे. पुढे चालून माहिती सांगणारीला ४००. उरले २००, ते पाणी, पत्रावळी आणि फोनचे. हे आकडे नुसते नमुन्याचे आहेत, तुमच्या गावच्या दराने बदला. पण घरचीचे पैसे आधी काढायचे आणि गटाचे नंतर, हा क्रम बदलू नका.

आणि ती चार घरं कोणाची? हा प्रश्न बैठकीत कुणी काढत नाही, म्हणून रेडिओवरून काढतो. फेरी फक्त मोठ्या आळीतल्या वाड्यांतून फिरली तर ती अर्ध्या गावाची फेरी झाली. मातंग वस्तीतली, बौद्ध वस्तीतली, धनगरवाड्यावरची चूल त्यात असायला हवी. तिथल्या पदार्थांच्या खुबी वेगळ्या आहेत, आणि गटाच्या वहीत त्या मैत्रिणींची बचतही आपल्याइतकीच आहे. कुणाच्या हातचं खायला कोण कचरतं हे पाहुण्यांमुळे उघड होईल, अशी भीती काहींना वाटते. होऊ द्या.

बाकी किरकोळ, पण विसरायचं नाही. खाद्यपदार्थ विकणार तर अन्न सुरक्षेची नोंदणी करून घ्या. छोट्या घरगुती धंद्याला ती पुरते. पाणी उकळून गार केलेलं ठेवा. पाहुण्यांना आधीच विचारा, मांसाहार चालतो का, कुणाला शेंगदाण्याचा त्रास होतो का, उपवास कोणता, श्रावण पाळता का. वाटेत स्वच्छ संडास कुठे आहे हे बघूनच थांबे ठरवा. हे बाईला सांगावं लागत नाही, पण पुरुष ठरवतात तेव्हा नेमकं हेच राहतं.

मोसमाचं सांगायचं तर हुरडा थंडीत, बेदाण्याचे शेड साधारण फेब्रुवारीपासून, आणि नवी हळद यार्डात येते तीही उन्हाळ्याच्या तोंडाशी. तेव्हा सांगलीला जायचं तर फेब्रुवारी-मार्च बरा. साताऱ्याचा पेढा बारा महिने आहे. पावसाळ्यात मात्र हरिपूरच्या बाजूला निघण्याआधी कृष्णेचं पाणी किती चढलंय ते विचारून घ्या.